मुंबई गोदी स्फोट, १९४४: नऊ सेकंदांच्या एका शॉटसाठी

रीळशोधक | १४ एप्रिल, रात्री ९:४०

१९४४ साली आजच्याच दिवशी मुंबईच्या व्हिक्टोरिया डॉकमध्ये 'फोर्ट स्टिकिन' हे जहाज फुटलं. पहिला स्फोट दुपारी ४ वाजून ६ मिनिटांनी, दुसरा ४ वाजून ३४ मिनिटांनी. आग विझवायला गेलेले अग्निशमन दलाचे ६६ जण त्यात गेले. त्यांच्या आठवणीसाठीच १४ एप्रिल हा अग्निशमन दिन.

या स्फोटावर एक माहितीपट होतोय आणि त्याचं जुनं फुटेज शोधायचं काम माझ्याकडे आहे. अकरा वर्षं मी हेच करते. कुणाच्या संग्रहात काय आहे ते शोधायचं, जे मिळालं ते खरंच तेच आहे का ते तपासायचं, मालकाकडून परवानगी काढायची, दर ठरवायचा आणि पडद्यावर चालेल अशी प्रत वेळेत संकलकाच्या हातात द्यायची. यातलं 'तपासायचं' हे बजेटमध्ये कुणी धरत नाही. सगळ्यात जास्त दिवस मात्र तिथेच जातात. आत्ताही तिथेच अडलंय.

आधी या विषयाची मुळातली अडचण सांगते. युद्धाचा काळ होता. जहाजावर जवळपास १,४०० टन स्फोटकं, कराचीत चढवलेला कापूस आणि सोन्याच्या विटा. सरकारनं बातमी दाबली. जगाला ती आधी कळली जपान्यांच्या ताब्यातल्या रेडिओ सायगॉनवरून. इथल्या बातमीदारांना मजकूर बाहेर पाठवायची मुभा मिळाली ती मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात. बातमीची ही गत, तर चित्रफितीची काय असेल! सुधीश घटक (ऋत्विक घटकांचे थोरले भाऊ) यांनी स्फोट आणि नंतरचा विध्वंस चित्रित केला होता. ती फिल्म लष्करी अधिकाऱ्यांनी जप्त केली. तिचा काही भाग पुढे वार्तापटातून लोकांना दाखवला गेला, बाकीच्याचा माग लागत नाही.

म्हणजे मुळात थोडंच चित्रित झालं, त्यातलं थोडं सुटलं आणि सुटलेल्यातलं थोडं टिकलं. आजवर माझ्या हाती ओळख पटलेलं असं ५० सेकंदांचं फुटेज आहे. माहितीपट ७० मिनिटांचा आहे.

आता मुद्दा. जानेवारीत एका परदेशी संग्रहात मला एक शॉट मिळाला. सूचीत नोंद 'बॉम्बे, गोदी, आग, १९४४'. नऊ सेकंदं. डावीकडे गोदामांची रांग, मागे आकाशभर काळा धूर, समोरून माणसं धावत येतायत, एकाच्या डोक्यावर ट्रंक. दिग्दर्शकानं पाहिला आणि म्हणाला, 'हाच आपला पहिला शॉट.' मलाही तेच वाटलं होतं.

सवयीप्रमाणे मी तो एकेक फ्रेम करून पाहिला. सहाव्या सेकंदाला उजव्या कडेला एक पोलीस येतो. पांढरा गणवेश, डोक्याला पगडी. त्या काळच्या मुंबई पोलिसांचा गणवेश गडद निळा आणि टोपी पिवळी, चपटी. कृष्णधवल फितीत निळा रंग काळपट दिसायला हवा, हा तर लख्ख पांढरा आहे. मग मी मागची ट्राम पाहिली. दोन डबे एकाला एक जोडलेले. शेवटी एका दुकानाच्या पाटीचं टोक दिसलं. चारच अक्षरं, अर्धी धुरात. ती बंगाली आहेत.

हा शॉट कोलकात्याचा आहे. ५ डिसेंबर १९४३ ला जपान्यांनी खिदिरपूरच्या गोदीवर बॉम्ब टाकले होते, त्या वेळचा असू शकतो. पण खिदिरपूरचाच असं मी लिहून देणार नाही, तेवढा पुरावा माझ्याकडे नाही. मुंबईचा नाही एवढं मात्र लिहून देईन.

दिग्दर्शकाला हे सांगितलं. तो चांगला माणूस आहे, चिडला नाही. म्हणाला, "पोलीस यायच्या आत कापू. पाटी कुणाला वाचता येणार आहे? धूर तो धूर."

मी अजून 'हो' म्हटलेलं नाही. तुम्हाला काय वाटतं? आणि कुणाच्या घरी त्या दिवसाचं काही असेल, फोटो, पत्र, डायरी, काहीही, तर कृपया इथे लिहा.

संकलक_अंधेरी | १४ एप्रिल, रात्री १०:२५

मी तुमच्या दिग्दर्शकाच्या बाजूनं बोलतो, कारण त्या खुर्चीत मी बसतो. माहितीपटाची पहिली दोन मिनिटं प्रेक्षकाला धरायची असतात. त्या वेळी पडद्यावर स्थिरचित्र ठेवलं की लोक उठतात. लेखी पुरावा, मुलाखती, तारखा सगळं पुढे येणारच आहे. नऊ सेकंदांचा धूर भावना उभी करतो, तो काही दावा करत नाही. युद्धावरच्या मोठमोठ्या मालिकांमध्ये एका आघाडीच्या तोफा दुसऱ्या आघाडीवर वापरल्या गेल्या आहेत आणि त्या मालिका तरीही चांगल्याच आहेत.

पोलिसाचं तुम्ही पकडलंत ते मात्र जबरदस्त. मी शंभर वेळा पाहिला असता तरी माझ्या लक्षात आलं नसतं.

अभिलेख | १४ एप्रिल, रात्री ११:०२

संकलक, धूर दावा करतो. 'मुंबई, १४ एप्रिल १९४४' अशी अक्षरं पडद्यावर आली आणि खाली हा शॉट आला की दावा झालाच.

आणि पुढे काय होतं तेही बघा. तुमचा माहितीपट उद्या यूट्यूबवर येईल. परवा कुणीतरी त्यातून नऊ सेकंदं कापून 'गोदी स्फोटाचं दुर्मिळ चित्रण' म्हणून टाकेल. दहा वर्षांनी दुसरा माहितीपटवाला तुमचाच संदर्भ देईल. मी कॉलेजात इतिहास शिकवतो. विद्यार्थी मला असली क्लिप दाखवतात आणि ती चुकीची आहे हे पटवायला मला अख्खा तास लागतो. छापील चूक शुद्धिपत्रात दुरुस्त करता येते. डोळ्यांनी पाहिलेलं पुसायचं कसं?

लंडनची_मावशी | १५ एप्रिल, पहाटे ३:१५

रीळशोधक, तुमच्याकडे बहुतेक हे झालं असेल, तरी सांगते. इंपीरियल वॉर म्युझियममध्ये युद्धकाळातल्या 'इंडियन न्यूज परेड' या सरकारी वार्तापटाचं साहित्य आहे. ऑनलाइन सूचीत सगळं नसतं, तिथल्या माणसांना पत्र लिहून विचारावं लागतं, आणि ते उत्तर देतात. ब्रिटिश लष्कराच्या कॅमेरामनांनी पाठवलेल्या रिळांबरोबर 'डोप शीट' असते. कुठल्या तारखेला, कुठे, कोणता शॉट, ते कॅमेरामननं स्वतःच्या हातानं लिहिलेलं. सूचीवर विश्वास ठेवण्यापेक्षा त्या कागदाची प्रत मागा. सूची करणारा माणूस लंडनमध्ये बसून वीस वर्षांनी अंदाजानं लिहितो, कॅमेरामन जागेवर असतो.

'कलोनियल फिल्म' नावाचं संकेतस्थळ आहे, त्यावर वसाहतींमधल्या ६,००० हून जास्त चित्रफितींच्या नोंदी आहेत. केंब्रिजच्या दक्षिण आशिया केंद्राकडे भारतात राहिलेल्या इंग्रज कुटुंबांनी घरच्या कॅमेऱ्यानं काढलेल्या फिल्म आहेत. त्यांत मुंबईचं बंदर, जहाजातून उतरणं, बलार्ड पिअर असं मिळू शकतं. स्फोट नसेल, पण स्फोटाआधीची गोदी असेल.

आणखी एक. 'व्हिक्टोरिया डॉक' असं शोधू नका. लंडनमध्येही रॉयल व्हिक्टोरिया डॉक आहे आणि त्यावर जर्मनांचे बॉम्ब पडले होते. मी एकदा एका मुलासाठी शोधत होते, अर्धा दिवस लंडनच्याच आगी बघत बसले.

रीळशोधक | १५ एप्रिल, सकाळी ६:५०

मावशी, डोप शीटचं अगदी बरोबर. या शॉटची मागितली होती, ती त्यांच्याकडे नाही. रीळ कुठल्याशा दुसऱ्या संग्रहातून आलं, डब्यावर चिकटपट्टी होती आणि तिच्यावर 'बॉम्बे डॉक्स' एवढंच पेन्सिलीनं लिहिलेलं होतं. तेच सूचीत चढलं. १९४४ हे वर्ष तर नंतर कुणीतरी घातलंय, 'बॉम्बे डॉक्स आणि आग म्हणजे १९४४च' असा विचार करून.

शोधशब्दांबद्दल तुम्ही म्हणता त्यात भर घालते, कारण नवीन मुलांना याचाच सगळ्यात जास्त उपयोग होतो. जुन्या सूचीत मुंबई सापडत नाही, बॉम्बे सापडतं. पुणे म्हणजे पूना, ठाणे म्हणजे कधी ताना. गावाचं नाव बऱ्याचदा नसतंच, 'नेटिव्ह बझार', 'हिंदू फेस्टिव्हल', 'क्राउड सीन' एवढंच असतं. गणपती विसर्जन मला एकदा 'आयडॉल थ्रोन इन सी' या नोंदीखाली मिळालं होतं. ज्यानं नोंद केली त्याच्या डोक्यानं विचार करावा लागतो. त्याला काय दिसलं असेल आणि त्याच्याकडे त्यासाठी कोणता शब्द असेल?

गोदीकर | १५ एप्रिल, सकाळी ७:१२

माझे वडील तेव्हा १९ वर्षांचे होते, पोर्ट ट्रस्टच्या रेल्वेत नुकतेच चिकटले होते. त्या दिवशी त्यांची पाळी सकाळची होती, म्हणून मी आज हे लिहू शकतोय. त्यांचा सोबती दुपारच्या पाळीचा, तो नाही आला परत.

आम्ही तेव्हा मस्जिद बंदरला चाळीत राहत होतो. आजी सांगायची, पहिल्या आवाजाला सगळे धावत गॅलरीत आले. कुणी म्हणालं जपानी आले. दुसऱ्या आवाजाला वरून काहीतरी पत्रा फाडून आत आलं आणि फरशीत रुतून बसलं. ते लोखंड होतं, जहाजाचं. दोन दिवस हात लावायची हिंमत झाली नाही कुणाची.

ते अजून आमच्याकडे आहे. फुटेज नाही, फोटो नाही, एवढंच आहे.

टेलिसिने_काका | १५ एप्रिल, सकाळी ११:३०

अडतीस वर्षं फिल्म लॅबमध्ये काढली, आता निवृत्त. शॉट मुंबईचा की कोलकात्याचा ते पोलिसावरून कळलं ते छानच, पण फिल्मची कडाही बघायची असते. ते कुणी आता करत नाही, कारण सगळ्यांना संगणकावर फाइल येते.

फिल्मच्या दोन्ही बाजूंना भोकांची रांग असते, त्या भोकांच्या बाहेरच्या कडेला कंपनीचं नाव छापलेलं असतं. कोडॅकच्या फिल्मवर त्याशेजारी बारीक खुणा असतात, चौकोन, गोल, त्रिकोण. त्या खुणा म्हणजे ती कच्ची फिल्म कुठल्या वर्षी बनली ते. मात्र तीच खूण २० वर्षांनी परत येते, म्हणजे १९४४ आणि १९६४ ची खूण एकच. मग दुसरी गोष्ट बघायची, कडेला 'नायट्रेट' (जुनी, झटकन पेट घेणारी फिल्म) लिहिलंय की 'सेफ्टी' (तशी न पेटणारी, ॲसिटेटची). ३५ मिलिमीटरची नायट्रेट फिल्म पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीला बंद झाली. खूण चव्वेचाळीसची आणि कडेला नायट्रेट, तर माल जुना.

कधीकधी गंमत अशी की सेफ्टी फिल्मवर दोन्ही शब्द दिसतात, एक ठळक आणि एक पुसट. ठळक तो या प्रतीचा. पुसट तो मूळ निगेटिव्हच्या कडेवरून छपाईत उतरलेला. म्हणजे ही प्रत नंतरची, पण जिच्यावरून काढली ती नायट्रेट होती. संग्रहाला सांगा, स्कॅन करताना कडेपर्यंत पूर्ण रुंदी घ्या, नुसती चौकट नको. नवीन स्कॅनरवर ते सहज होतं. मागितल्याशिवाय मात्र कुणी देत नाही.

दुसरं, डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास आला तर घाई करा. ॲसिटेटची फिल्म तशीच मरते. आधी वास, मग आकसते, मग वाकडी होते आणि शेवटी मशीनवर चढत नाही. एका डब्याचा वास शेजारच्या डब्यांनाही खातो. मी असे डबे उघडलेत की आत रिळाऐवजी मधासारखा चिकट गोळा होता. तो नायट्रेटचा. वर नाव लिहिलेलं असायचं. आत काय होतं ते आता कुणालाच कळणार नाही.

रीळशोधक | १५ एप्रिल, दुपारी १२:०५

काका, मनापासून धन्यवाद. कडेसकट स्कॅन आजच मागते. ही गोष्ट मला सुचायला हवी होती.

वकीलताई_ठाणे | १५ एप्रिल, दुपारी ४:४०

परवानगीचा विषय कुणीतरी काढेलच, म्हणून आधीच लिहिते. 'जुनं आहे म्हणजे फुकट' हा समज मनातून काढा.

भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं. १९९२ च्या दुरुस्तीआधी ही मुदत ५० वर्षं होती. रवींद्रनाथांच्या साहित्याचा कॉपीराइट १९९१ संपताना सरत होता, त्या निमित्तानं ती वाढली. म्हणजे फिल्म्स डिव्हिजनचा १९६० साली प्रदर्शित झालेला वार्तापट घेतला, तर मुदत ३१ डिसेंबर २०२० ला संपली. १९५७ च्या कायद्याआधीच्या फितींचा हिशेब वेगळा लागतो, तिथे वकिलाचं लेखी मत घ्या. ओटीटीवाले आणि विमा कंपनी ते मागतातच.

पण लोक इथेच फसतात. कॉपीराइट संपला तरी रीळ ज्याच्या कपाटात आहे त्याच्याकडे जावंच लागतं. तो तुम्हाला प्रत देतो ती करारावर देतो आणि करारात लिहिलेलं तुम्हाला बांधतं. किती सेकंद, कुठल्या माध्यमात, कुठल्या देशात, किती वर्षं. कमी पैशांत 'फक्त महोत्सव' असा हक्क घेतला, चित्रपट गाजला आणि मग ओटीटीसाठी विचारायला गेलात, की तेव्हा सौदा करायची ताकद तुमच्या हातात नसते. पुढच्या हक्कांचा दर आधीच लिहून घ्या.

फितीवर संगीत असेल तर ते वेगळं. गीतकार आणि संगीतकार यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं त्यांचा हक्क राहतो. वार्तापट मोकळा झाला म्हणून त्यात वाजणारं गाणं मोकळं झालं असं नाही. मूक वापरणं हा सोपा मार्ग.

प्रकाशझोत | १५ एप्रिल, रात्री ८:१०

आवाजावरून आठवलं. त्या काळातल्या वार्तापटांतले स्फोटाचे आवाज जागेवरचे नसत. कॅमेरा मूक असे, आवाज स्टुडिओत मागून चढवत. म्हणजे 'खऱ्या' फुटेजमधलाही धडाका बहुतेक वेळा दुसऱ्याच कशाचातरी. मग आपण शुद्धता कुठवर न्यायची?

रीळशोधक | १५ एप्रिल, रात्री ९:३०

प्रकाशझोत, रास्त प्रश्न आहे. मी स्वतःसाठी जी रेघ ओढली आहे ती सांगते.

१९४० च्या दशकातली मुंबई दाखवायची आहे, दुमजली ट्राम, बोरीबंदरची गर्दी, फोर्टातल्या पायऱ्या, तर १९३८ चा शॉट १९४४ ला वापरायला माझी हरकत नाही. तो 'अशी मुंबई होती' एवढंच सांगतो आणि ते खरं आहे. पण विशिष्ट घटना, विशिष्ट दिवस, विशिष्ट माणसं आली की तिथे दुसरं काही चालत नाही. त्या शॉटमध्ये डोक्यावर ट्रंक घेऊन धावणारा माणूस आहे. तो कोलकात्याचा कुणीतरी आहे. त्याच्यावर तेव्हा जे आलं होतं ते त्याचं स्वतःचं होतं. त्याला मी मुंबईचा करू शकत नाही. गोदीकरांच्या वडिलांचा सोबती त्या दिवशी गेला. त्याच्या जागी मी दुसऱ्या शहरातला माणूस उभा करायचा?

वेगाचंही असंच आहे. मूकपटांच्या काळातलं, १६-१८ फ्रेमनं काढलेलं चित्रण २४ नं चालवलं की माणसं तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतो. ती माणसं तशी चालत नव्हती. योग्य वेगात आणलं की अंत्ययात्रा अंत्ययात्रेसारखी दिसते. हेही माझ्या कामातच येतं असं मी मानते. चौकटीचंही तेच. जुनी चौकट जवळजवळ चौकोनी, आजचा पडदा रुंद. भरायला म्हणून वरखाली कापलं की धुराचं टोक आणि माणसांचे पाय दोन्ही जातात. कडेला काळं राहिलं तर राहू दे.

निळी_पहाट | १५ एप्रिल, रात्री ११:१५

कालपासून कार्यक्रमात होते, आता धागा वाचला. १४ एप्रिल म्हणजे आमच्यासाठी आधी बाबासाहेबांची जयंती, आणि या धाग्यात त्यांच्या फुटेजची गोष्ट यायलाच हवी.

६ डिसेंबर १९५६ ला बाबासाहेब गेले. ७ तारखेला मुंबईत दादर चौपाटीवर अंत्यसंस्कार झाले. ती अंत्ययात्रा नामदेवराव व्हटकर यांनी चित्रित केली, स्वतःच्या खिशातून. लेखक माणूस, कलावंत माणूस, पैसा जवळ नाही, आणि हाताशी होता फक्त तो एक दिवस. आज टीव्हीवर, यूट्यूबवर, प्रत्येक ६ डिसेंबरला तो अथांग जनसागर आपण पाहतो. पाहणाऱ्या किती जणांना व्हटकरांचं नाव माहीत असतं? क्लिपच्या कोपऱ्यात वाहिनीचा लोगो असतो, व्हटकरांचं नाव नसतं.

तुम्ही फुटेज शोधणारे लोक श्रेयनामावलीत संग्रहाचं नाव लिहिता. कॅमेरा ज्यानं धरला त्याचंही लिहा, एवढीच विनंती.

रीळशोधक | १६ एप्रिल, सकाळी ७:००

निळी_पहाट, तुमचं म्हणणं शंभर टक्के मान्य. या माहितीपटात सुधीश घटकांचं नाव संग्रहाच्या नावाच्या आधी येईल, हे मी आजच लेखी कळवते.

अभिलेख | १६ एप्रिल, सकाळी ९:२०

यावरून एक जोडतो. १५ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्री भारत सरकारचा स्वतःचा वार्तापट विभागच अस्तित्वात नव्हता. इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया आणि इंडियन न्यूज परेड दोन्ही १९४६ मध्ये बंद केले होते आणि फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं १९४८ ला. देशाच्या सगळ्यात मोठ्या रात्रीचं चित्रण खाजगी कॅमेरामन आणि परदेशी कंपन्या यांच्यामुळे आपल्याकडे आहे.

आणि त्याहून मागे जाऊ या. सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, १९०१ साली रँग्लर परांजपे विलायतेहून परतले तो स्वागताचा सोहळा मुंबईत चित्रित केला. आपल्याकडचं पहिलं बातमीचित्रण म्हणतात ते हेच. त्याची एक फूटसुद्धा फिल्म उरलेली नाही. रँग्लर बोटीवरून उतरले तेव्हा कसे दिसत होते ते एका मराठी माणसानं टिपलं होतं आणि आपण ते घालवलं.

संकलक_अंधेरी | १६ एप्रिल, दुपारी १:४५

कालपासून हा धागा डोक्यात आहे. मी माझं मत थोडं बदलतो. शॉट वापरू नका. पण मग पहिल्या दोन मिनिटांचं काय, याचं उत्तर मला संकलक म्हणून हवंय. ५० सेकंदांचं फुटेज तुम्ही म्हणता, त्यात शॉट किती आहेत?

रीळशोधक | १६ एप्रिल, दुपारी २:३०

सात. सगळ्यात मोठा ११ सेकंदांचा. युद्धकाळातले बरेच कॅमेरामन किल्लीचा कॅमेरा वापरत. एका रिळात १०० फूट फिल्म, म्हणजे ३५ मिलिमीटरला जेमतेम सव्वा मिनिटाच्या आत संपणारी, आणि किल्ली त्याच्याही आधी उतरते. शॉट लहानच असतात.

सातातले चार स्फोटानंतरचे आहेत, ढिगारे उपसतानाचे. पाच लाख टन ढिगारा उपसायला आठ हजार माणसं सात महिने लागली होती. एका शॉटमध्ये एक बाई आहे, पाटी डोक्यावर, कॅमेऱ्याकडे एकदाच बघते आणि निघून जाते. धूर, ज्वाळा यांपेक्षा मला तोच शॉट सगळ्यात भारी वाटतो. दिग्दर्शकाला तो 'शांत' वाटतो.

संकलक_अंधेरी | १६ एप्रिल, दुपारी २:४१

त्या बाईवर उघडा. पूर्ण लांबीचा शॉट, आवाज नाही, निवेदन नाही. मग तारीख. मी असतो तर असंच लावलं असतं. दिग्दर्शकाला माझ्या नावानं सांगा हवं तर.

नवशिका_००७ | १६ एप्रिल, संध्याकाळी ६:००

प्रश्न कदाचित बाळबोध असेल. आता एआयनं गोदी स्फोटाचं दृश्य तयार करता येतं ना? कालच एका रीलमध्ये पाहिलं, अगदी जुन्या फिल्मसारखे ओरखडेही होते.

रीळशोधक | १६ एप्रिल, संध्याकाळी ७:२०

बाळबोध मुळीच नाही, सध्या प्रत्येक बैठकीत हा प्रश्न येतो. मीही ती रील पाहिली. त्यात आगीचे बंब आहेत आणि बंबांवरच्या अक्षरांना अर्थच नाही, कुठल्याच लिपीतली नाहीत ती.

अमेरिकेतल्या आमच्यासारखं काम करणाऱ्यांच्या संघटनेनं, आर्काइव्हल प्रोड्युसर्स अलायन्सनं, २०२४ मध्ये यावर मार्गदर्शक तत्त्वं काढली आहेत. त्यांचा गाभा असा की असं दृश्य वापरलं तर प्रेक्षकाला ते स्पष्ट कळलं पाहिजे. माझं वैयक्तिक मत त्याहून कडक आहे. चित्रकाराकडून चित्र काढून घ्या, नकाशा हलता करा, पण ओरखडे घालून खोटं जुनं करू नका. काकांनी सांगितलेली कडेची खूण त्या फाइलला कुठून येणार?

टेलिसिने_काका | १६ एप्रिल, रात्री ८:०५

ओरखडेसुद्धा वाचता येतात बरं. प्रोजेक्टरचा ओरखडा उभा आणि सलग जातो, निगेटिव्हवरचा पांढरा दिसतो, प्रिंटवरचा काळा. फिल्म किती वेळा चालली, कुठल्या टप्प्यावर दुखावली, ते त्यातून कळतं.

रीळशोधक | २३ एप्रिल, रात्री १०:१०

आठवड्यानं परत आले.

कडेसकट स्कॅन आला. कोलकात्याच्या शॉटच्या कडेला 'सेफ्टी' ठळक आणि खाली पुसटसं 'नायट्रेट' आहे, काका म्हणाले तस्सं. म्हणजे ही नंतरची प्रत, मूळ जुन्या निगेटिव्हवरून काढलेली. मी संग्रहाला माझी टिपणं पाठवली, पोलीस, ट्राम, पाटी, तिन्हींच्या फ्रेम क्रमांकांसह. त्यांचं उत्तर आलं की नोंदीत 'बहुधा कलकत्ता, तारीख अनिश्चित' असा बदल करतायत. पाटीवरची अक्षरं वाचायला मी एका बंगाली मैत्रिणीला दिली होती. ती म्हणते, औषधाचं दुकान.

दिग्दर्शकाला धागा वाचायला दिला. त्यानं सगळा वाचला. कोलकात्याचा शॉट गेला. पाटीवाल्या बाईवर उघडायचं की नाही यावर अजून ठरत नाही, संकलनाच्या टेबलावर दोन्ही करून बघणार आहोत.

गोदीकर, तुमच्याकडे एक मागणं आहे. ते लोखंड आम्हाला चित्रित करू द्याल का? तुमच्या घरी, ते जिथे ठेवलंय तिथेच. कॅमेरामन आणि मी, दोघंच येऊ.

गोदीकर | २४ एप्रिल, सकाळी ६:४०

जरूर या. रविवारी सकाळी बरं पडेल, माझी बहीणही येते, तिला आजीच्या तोंडचं माझ्यापेक्षा जास्त आठवतं.

काल रात्री ते खाली काढून पुसलं. इतकी वर्षं कधी वजन केलं नव्हतं, खालच्या वाण्याकडे नेऊन केलं. पावणेतीन किलो भरलं. एका बाजूला रिव्हेटची तीन भोकं आहेत, एका भोकात रिव्हेट अजून आहे. दुसऱ्या बाजूला करडा रंग आहे थोडा. तेल लावणार होतो, पण मग तुमचा पोलीस आठवला आणि लावलं नाही. रंग जातोय का बघून काय ते तुम्हीच सांगा.